ठासणीबापूंची पावती

ठासणीबापूंना एका जागी बसलेलं मी उभ्या आयुष्यात दोनदाच पाहिलं. एरवी ते उभे असत, चालत असत, नाहीतर निघालेले असत. अंबडच्या स्टँडवर एसटी लागावी, अख्खी गाडी रिकामी असावी, तरी बापू मधल्या दांडीला धरून उभे. कंडक्टर म्हणायचा, "बापू, बसा की. तिकिटात सीट येती." बापूंचं उत्तर ठरलेलं, "तू घंटी मार. बसलं की माणूस मुरतंय." जेवायचे तेही ताट हातात घेऊन. पहिला घास चुलीपाशी, शेवटचा गोठ्यापाशी. येरझाऱ्यांनी त्यांच्या अंगणात अशी पाऊलवाट पडली होती की नवखा पाहुणा तिलाच गावची वाट समजून चालू लागायचा आणि तासभर अंगणातच फिरत राहायचा. चतुर्थीला राजूरच्या गणपतीला गेलो तर मला रांगेत उभं करून स्वतः देवळाभोवती सुटायचे. का, तर रांग थांबते. मी गाभाऱ्यापाशी पोचेपर्यंत त्यांच्या एकशे आठ प्रदक्षिणा होऊन वर सोळा शिल्लक राहायच्या. "उरलेल्या तुझ्या नावावर लाव, टाइपराव," म्हणायचे. माझ्या नावावर आज देवाकडं एवढ्या प्रदक्षिणा जमा आहेत की वर गेल्यावर मला निदान चालावं तरी लागणार नाही.

टाइपराव म्हणजे मी. अंबडला तहसीलसमोर माझं टायपिंग आणि झेरॉक्सचं दुकान आहे, आणि गावी बापूंच्या शेताला लागून माझं शेत. त्यामुळं बापूंचे सगळे कागद माझ्या हातून गेले आणि बापूंची सगळी पावलं माझ्या डोळ्यांपुढून.

अशा माणसाला देवानं द्यावं काय, तर ठासणीची बंदूक. म्हणजे नळीच्या तोंडातून आधी दारू ओतायची, वर चिंधी कोंबायची, वर छर्रे, वर पुन्हा चिंधी, मग लोखंडी गजानं सगळं ठासायचं, मागं ठिणगी पाडणारी टोपी बसवायची, आणि मग चाप ओढायचा. एवढं होईपर्यंत रानडुक्कर मक्याचा पट्टा संपवून, पोराबाळांना हाका मारून, ढेकर देऊन घरी गेलेलं असायचं. बंदूक बापूंच्या वडलांची. शेतीच्या राखणीसाठी म्हणून परवाना मिळालेला, तो वडलांमागं बापूंच्या नावावर झाला. तांबड्या पुठ्ठ्याचं ते परवान्याचं पुस्तक बापू प्लॅस्टिकच्या तीन पिशव्यांत गुंडाळून ठेवायचे. घरातल्या लग्नाच्या फोटोंना वाळवी लागली, पुस्तकाला नाही.

या बंदुकीनं कधी कुणाचा जीव घेतला नाही. बापू हवेत बार काढायचे. एकदा एक छर्रा भरकटून मोसंबीच्या झाडात घुसला, तर त्या झाडाला पुढं तीन वर्षं दुप्पट बहार आला असं बापू सांगायचे. मी सांगताना सहा वर्षं सांगतो. पण दरारा मात्र खरा होता. अंकुशनगरच्या बाजूचा ऊस तुटायला लागला की त्यातली डुकरं उघडी पडायची आणि थेट आमच्या शिवारात मुक्कामाला यायची. तिन्हीसांजेला बापूंचा एक बार झाला की चार शेतांतला मका वाचायचा. मी एकदा म्हटलं, "बापू, या भांड्यानं मरतंय तर काहीच न्हाई." तर माझ्याभोवती एक फेरी मारून म्हणाले, "बंदूक मारायला नसती, येड्या. बंदूक हाय, हे समद्यांना ठाऊक असायला असती."

हे वाक्य मी तेव्हा हसण्यावारी नेलं. पुढचं सगळं त्यातच होतं.

आपल्याकडं निवडणूक लागली की परवान्याच्या बंदुका पोलीस ठाण्यात जमा करायच्या असतात. आणि निवडणुका काय थोड्या असतात? लोकसभा झाली की विधानसभा, ती झाली की जिल्हा परिषद, मग ग्रामपंचायत, आणि कुणी मेलाच तर पोटनिवडणूक. बापूंची बंदूक नव्या नवरीसारखी, घरी कमी आणि ठाण्यात जास्त. ते ती खांद्यावर टाकून चालत जायचे, जमा करायचे, पावती घ्यायचे, आणि माझ्या दुकानात येऊन तिची झेरॉक्स काढायचे. नंबर, तारीख, शिक्का, सही. "बराबर आली का? तारीख दिसती का?" एवढं विचारून घडी खिशात.

आता गंमत बघा. बंदूक ठाण्यात, पण बापू परत निघाले की खांद्यावरची कॅनव्हासची खोळ तशीच्या तशी भरलेली. पहिल्यांदा माझ्या लक्षात आलं तेव्हा मी काउंटरवरून हात लांब करून चाचपलं. आत फावड्याचा दांडा! खालच्या टोकाला चिंध्या गुंडाळून दस्त्याचा फुगवटासुद्धा केलेला.

"बापू, हे काय?"

"हळू बोल." बापूंनी दुकानाबाहेर दोन्हीकडं पाहिलं. "आचारसंहिता माणसाला हाय. डुकराला हाय का?"

"पण डुकराला दांडा कळत न्हाई का?"

"डुकराला नसंल कळत. पर बंदूक ठाण्यात गेली हे माणसाला कळलं, की समदं शिवार मोकळं. कुनी बांध कोरतंय, कुनी पाइप उपटतंय. जमा करतो ती सरकारची बंदूक, टाइपराव. खोळीतली आपली."

त्यानंतर प्रत्येक निवडणुकीत हाच खेळ. बार काढायची वेळ आली तर बापू खोळ उंच धरायचे आणि बांधाआड आधीच वात लावून ठेवलेला सुतळी बॉम्ब उडायचा. एका विधानसभेला बॉम्ब सर्दाळलेला निघाला, तर म्हणे बापूंनी तोंडानंच असा "ठो" केला की दोन शेतं पलीकडं एका म्हाताऱ्याचं बरेच दिवस बसलेले कान उघडले. गावात बोलबाला असा की ठासणीबापूंना साहेबांची खास परवानगी आहे, त्यांची बंदूक जमा होत नाही. बापू यावर हो म्हणायचे नाहीत, नाही म्हणायचे नाहीत. खोळ या खांद्यावरून त्या खांद्यावर घेऊन पुढं चालू लागायचे.

बापूंचा बांधकरी म्हणजे त्यांचाच चुलतभाऊ. नाव बाळू, पण ग्रामपंचायतीत निवडून आल्यापासून अख्खं गाव त्याला मेंबर म्हणतं. एकाच आज्याची जमीन, मध्ये एक बांध, बांधावर एक बाभूळ. त्या बाभळीवरून दोघांचं बोलणं बंद, ते नऊ वर्षं. मेंबरला काही सांगायचं झालं तर तो आपल्या बैलाला सांगायचा, "सर्ज्या, काही लोकांचं पाणी आपल्या वावरात येऊन राह्यलं." बापूंकडं बैल नव्हता. ते बाभळीला सांगायचे, "सर्ज्याच्या मालकाला म्हनावं, पाणी उताराला जातंय." बैलाचा आणि बाभळीचा एवढा समंजस संवाद मी दुसरीकडं कुठं ऐकला नाही.

मग मागची विधानसभा लागली. बापूंनी बंदूक जमा केली, पावती झाली, झेरॉक्स झाली. तीन आठवड्यांनी मेंबरनं भाड्याचा ट्रॅक्टर स्वतः चालवत नांगरट काढली आणि नांगराचा फाळ हातभर बांधात घातला. बापू फेऱ्यातच होते, खांद्यावर खोळ होतीच. ते सरळ ट्रॅक्टरसमोर गेले, खोळ उचलून मेंबरच्या छातीवर रोखली, आणि नऊ वर्षांत पहिल्यांदा बाभळीची मध्यस्थी न घेता म्हणाले, "हाल. एक पाऊल हाल, मंग बघ."

मेंबर एक पाऊल हलला नाही. तो एकदम हजार पावलं हलला. ट्रॅक्टरवरून उडी मारून, एक चप्पल बांधावर आणि दुसरी तुरीत सोडून जो सुटला तो ठाण्यातच थांबला. चालकाविना ट्रॅक्टर आपला एकटाच नांगरत राहिला आणि माझ्या मते त्यानं मेंबरपेक्षा सरळ तास काढले. ठाण्यात मेंबरनं फिर्याद दिली, भावानं बंदूक रोखली, जिवे मारण्याची धमकी दिली. आता मनात चित्र आणा. मेंबर अनवाणी उभा राहून सांगतोय, जमादार लिहून घेतोय, आणि मधल्या भिंतीपलीकडं, चिठ्ठी बांधलेली, कुलपात उभी असलेली बंदूक आपल्याच गुन्ह्याची हकिकत ऐकतेय!

कुणाच्या ध्यानात आलं नाही. निवडणुकीची धामधूम. गुन्हा दाखल झाला, बापूंना जामीन झाला, पुढं दोषारोपपत्रही गेलं. निकालानंतर सगळ्यांच्या बंदुका घरी आल्या, बापूंची तेवढी राहिली. आणि मग जिल्ह्याहून नोटीस आली. बापूंनी ती माझ्या काउंटरवर ठेवली आणि म्हणाले, "वाच. जल्दी वाच." मी वाचली. आपणाविरुद्ध फौजदारी गुन्हा प्रलंबित असल्याने आपला शस्त्र परवाना रद्द का करण्यात येऊ नये, याचा खुलासा सुनावणीस हजर राहून सादर करावा.

"रद्द?" बापू म्हणाले. "माझ्या बापाचा?"

मी टुणकन उठलो. "बापू, तुम्ही सुटले! पावती काढा. गुन्ह्याची तारीख बघा, पावतीची तारीख बघा. बंदूक ठाण्यात असताना तुम्ही रोखणार कुठून? केस उडाली, नोटीस उडाली, परवाना घरी!"

बापू फेऱ्या घालू लागले. माझं दुकान आठ बाय दहाचं. झेरॉक्स मशिनला वळसा, खुर्चीला वळसा, गिऱ्हाइकाला वळसा. पाचव्या फेरीला म्हणाले, "पावती लावली तर साहेब इचारतील, मंग खोळीत काय व्हतं?"

"दांडा म्हणून सांगायचं."

"समद्यांसमोर?"

"कागदावर येणार म्हणजे समद्यांसमोरच."

"म्हंजी तीस वर्षांची बंदूक गेली."

"अहो, बंदूक वाचवायसाठीच तर चाललंय!"

बापू थांबले, माझ्याकडं कीव आल्यासारखं पाहिलं आणि पुन्हा चालू लागले. त्या महिन्यात त्यांनी माझ्या फरशीला खळगा पाडला. रोज यायचे. "पावती लाव." मी खुलासा टाइप करायचो. दुसऱ्या दिवशी, "पावती काढ." मी दुसरा खुलासा टाइप करायचो. वकील म्हणाले, नुसता गुन्हा प्रलंबित आहे एवढ्यानं परवाना जातोच असं नाही, पण हातात पुरावा असताना तो दाखल करत नाही असा अशील मी पहिल्यांदाच बघून राह्यलो. शेवटी बापूंनी दोन्ही खुलासे घेतले, एक डाव्या खिशात, पावती जोडलेला उजव्या.

इथं मला माझं पाप सांगितलं पाहिजे. मला वाटलं, बापूंच्यानं होत नाही तर आपणच चावी फिरवावी. मेंबर सातबाऱ्याच्या झेरॉक्ससाठी दुकानात आला, तेव्हा मी पावतीची एक प्रत, चुकून राहिल्यासारखी, काउंटरवर राहू दिली. त्यानं वाचली. तारखेवर बोट ठेवलं. पुन्हा वाचली. मला वाटलं होतं तो घाबरेल, तडजोडीला येईल, वर मला पेढे देईल. त्यानं एवढंच विचारलं, "मंग खोळीत काय व्हतं?" "फावड्याचा दांडा," मी सांगून टाकलं. मेंबर सातबारा तिथंच विसरून गेला. त्याच्या पाठीकडं बघताना मला प्रथमच वाटलं, आपण नको त्या ठिकाणी हात घातला.

सुनावणीच्या दिवशी जालन्याला जाताना बापू गाडीत उभे, मी बसलेला. कचेरीच्या व्हरांड्यात तेच. या टोकाकडून त्या टोकाकडं, शिपाई सांगून थकला, "बाबा, बसा, नाव पुकारलं की सांगतो." आणि जिन्यातून मेंबर आला. एकटा. बैल नाही, बाभूळ नाही. बापूंसमोर येऊन उभा राहिला.

"बापू."

बापूंनी वळसा घालून जायचं पाहिलं. मेंबर आडवा झाला.

"बापू, पावती लावून राह्यले ना? लावा. मी खोटी फिर्याद दिली म्हनून माझ्यावर केस होईल, मेंबरकी जाईल. जाऊ द्या. पर मला येक सांगा. त्या दिशी खरंच दांडा व्हता?"

"व्हता."

"आईची आन?"

"आईची आन."

मेंबरचा चेहरा असा झाला, की मी त्याच्यावर आयुष्यभर केलेले सगळे विनोद मला परत घ्यावेसे वाटले. "बापू, मला नळी दिसली वो. काळी. आतलं भोकबी दिसलं. मी खोटं न्हाई लिहून दिलं. आजबी ट्रॅक्टरवर बसलो की हात लटलट करतात. घरची म्हनती, वावर इकून टाका. दांडा व्हता तर मंग मला ते भोक कसं दिसलं? मी येडा हाय का?"

आणि तेव्हा ठासणीबापू बसले. भिंतीला लागून लाकडी बाक होतं, त्याच्यावर, दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवून. मी घड्याळ पाहिलं. अकरा मिनिटं! हा माणूस स्वतःच्या लग्नात अकरा मिनिटं बसला नव्हता. भटजींनी त्याच्या मागं फिरत मंत्र म्हटले होते.

"येडा न्हाई तू," बापू हळू आवाजात म्हणाले. "जा घरी, बाळू."

नाव पुकारलं. आत एक मॅडम होत्या, शांत स्वभावाच्या. त्यांनी फाइल चाळली. म्हणाल्या, "बाबा, गुन्हा प्रलंबित आहे एवढंच एक कारण मी बघत नाही. तुमचं काय म्हणणं आहे ते सांगा. त्या दिवशी तुमची बंदूक कुठं होती?"

मी मागं उभा होतो. माझे डोळे बापूंच्या उजव्या खिशावर. बापूंचा हात तिकडं गेला, खिशावर टेकला.

"मॅडम, बंदूक जिथं असायला पायजे, तिथंच व्हती."

"म्हणजे कुठं?"

बापूंनी उभ्या उभ्या पाय बदलला.

"काही कागद जोडायचा आहे का? आणला असेल तर आत्ता द्या."

मी खोकलो. असा खोकलो की शिपायानं पाण्याचा ग्लास आणला. बापूंनी हात खिशावरून काढला, डाव्या खिशातला खुलासा टेबलावर ठेवला आणि म्हणाले, "मी त्याला भेव घातलं, मॅडम. येवढं खरं हाय. बाकी तुमी काय लिहाल ते बराबर."

बाहेर आल्यावर मी त्यांच्यावर असा बरसलो की व्हरांड्यातली कबुतरं उडाली. त्या आवाजात मी बायकोशी बोललो असतो तर आज संन्यासी असतो. बापू ऐकत चालत राहिले. परतीच्या गाडीत, दांडीला धरून, म्हणाले, "परवाना कशाचा व्हता, टाइपराव? राखनीचा. मी त्याच्यावर माणूस भेववला. आत नळी व्हती का दांडा व्हता, बाळूला काय फरक पडला?"

"कायद्यानं पडतो, बापू."

"कायद्यानं पडू दे. बाळूला न्हाई पडला." गाडी अंबडच्या अलीकडं आली तसे ते पुन्हा म्हणाले, "भ्यालेल्या माणसाला खोटं कसं म्हनायचं? आनि मीच भेववलेला. माझ्या बापानं तीस वर्षं वागवली, मी तीस वर्षं वागवली. पर ती ठासलेली भेवानं व्हती, हे मला आज कळलं."

हुकूम आला. गुन्हा न्यायप्रविष्ट आहे, परवानाधारकानं समाधानकारक खुलासा केला नाही, सार्वजनिक शांततेच्या दृष्टीनं परवाना रद्द. तीस दिवसांत वर अपील करता येईल. मी त्याच दिवशी अपील टाइप करून ठेवलं. बापू रोज यायचे, काउंटरवरच्या त्या कागदाकडं बघत फेऱ्या घालायचे, सही न करता जायचे. एकतिसाव्या दिवशी त्यांनी तो उचलला, त्याच्या पाठीमागं माझ्याकडून मोसंबीच्या औषधाचं नाव लिहून घेतलं आणि घेऊन गेले. परवान्याचं पुस्तक कचेरीत जमा झालं. तीन प्लॅस्टिकच्या पिशव्या तेवढ्या घरी राहिल्या. बापूंनी त्या नीट धुऊन वाळत घातल्या होत्या, ते मी पाहिलं.

पुढं कोर्टात केस उभी राहिली. मेंबर पिंजऱ्यात चढला आणि म्हणाला, "भ्यालो व्हतो, साहेब. खोळ दिसली. आत काय व्हतं, ते मी सांगू शकत न्हाई." बापू निर्दोष सुटले. मी म्हटलं, "आता तरी नवा अर्ज करू. गुन्हाच राहिला नाही." बापू म्हणाले, "काय करायचं? मका तर वाचून राह्यला."

मका कसा वाचून राहिला होता, ते मला त्याच आठवड्यात दिसलं. सूर्य टेकला होता. मी मोटरसायकलवरून गावाकडं येत होतो आणि बांधावर बाभळीखाली दोघं बसलेले. होय, बसलेले. हे दुसऱ्यांदा. मध्ये उघडी खोळ. मेंबरच्या हातात तो दांडा. तो त्याचं एक टोक बघतोय, दुसरं टोक बघतोय, चिंध्या सोडतोय, पुन्हा गुंडाळतोय, हरवलेलं भोक शोधावं तसा. मी गाडी बंद करून जवळ गेलो. बापूंनी उजव्या खिशातून पावती काढली आणि त्याच्या मांडीवर ठेवली.

"हे घे. फाड, न्हाईतर जप. तुझं हाय."

तेवढ्यात मक्यात खसफस झाली. मेंबर धडपडत उठला, बांधाआड जाऊन सुतळी बॉम्बला काडी लावली. बापूंनी खोळ उंच धरली. बार झाला. चार डुकरं शेपट्या ताठ करून अशी पळाली की मला वाटतं त्यांनी त्याच वेगात जिल्ह्याची हद्द ओलांडली. मेंबर जागच्या जागी दचकला होता, हात लटलटत होते. पण या खेपेला तो हसला. बापूही हसले, आणि मग नेहमीसारखे चालू लागले.

पुढच्या हरभऱ्याला बापू गेले. सकाळच्या फेरीत, बांधाच्या वळणावर. लोक म्हणाले पडले. मी म्हणतो, बापूंना कुणी पाडणं शक्य नाही, त्यांनी पुढचं पाऊल कुठल्यातरी दुसऱ्याच शिवारात टाकलं एवढंच.

गावात शोकसभा झाली. चार जण बोलले, सगळे बंदुकीवर बोलले. सरकारनं काढून घेतली तरी बापूंनी आणखी एक लपवून ठेवली होती, असंही एकानं छातीठोकपणे सांगितलं. मग मेंबर उठला. हातात पावती. घसा दोनदा खाकरला.

"मला येक सांगायचंय. मी समद्या गावात सांगत फिरलो, का मी बंदुकीसमोर उभा राह्यलो. त्या दिशी बंदूक ठाण्यात व्हती. ही पावती. खोळीत फावड्याचा दांडा व्हता. मी दांड्याला भिऊन पळालो. आनि माझी अब्रू राहावी म्हनून बापूनं ही पावती दाखवली न्हाई. परवाना घालवला. त्यो माझ्यापायी गेला."

मला वाटलं, आता कुणीतरी हसेल. बापूंना ज्याची धास्ती होती ते हसू, आणि मेंबरला ज्याची होती तेही. पुढं बसलेला, कान उघडलेला तो म्हातारा काठी टेकत उठला. मेंबरच्या हातातल्या कागदाकडं त्यानं नीट पाहिलंही नाही.

"मेंबर," तो म्हणाला, "सरकारनं घेतली ती घेतली. आता गेलेल्या माणसाची बंदूक तुमी तरी काढून घेऊ नका."

"आवो, पर खरंच दांडा—"

"बसा खाली. भाऊ गेल्यावर समद्यालाच असं वाटतंय."

कुणालाही पटलं नाही. शिक्का बघून नाही, तारीख बघून नाही. दुसऱ्या दिवशी मेंबर माझ्या दुकानात आला, पावती काउंटरवर ठेवली, म्हणाला, "लॅमिनेशन करून दे." मी करून दिलं. तो ती घेऊन उभाच राहिला. मी खुर्ची पुढं केली, तर म्हणाला, "नको, निघतो," आणि मशिनला वळसा घालून गेला.

अजूनही ऊस तुटायला लागला की तिन्हीसांजेला बांधावर एक माणूस खांद्यावर खोळ टाकून फिरताना दिसतो. या टोकापासून त्या टोकापर्यंत. मला ठाऊक आहे तो कोण आहे. आत काय आहे तेही मला ठाऊक आहे, या दोन हातांनी चाचपलेलं आहे. तरी तिथून जाताना मी मोटरसायकलचा वेग कमी करतो, आणि बांधाला लागलेलं माझं चाक आपोआप हातभर लांब वळतं.